बुक्केहोर्न : बोकडाच्या शिंगाचे वाद्य आणि त्याच्या नावाचे अर्थ

नॉर्वे आणि स्वीडन हे युरोपच्या उत्तर टोकाकडचे दोन शेजारी देश. तिथल्या डोंगराळ भागात बोकडाच्या शिंगापासून तयार केलेले एक वाद्य शेकडो वर्षे वाजवले जात आहे. नॉर्वेत त्याला ‘बुक्केहोर्न’ म्हणतात आणि स्वीडनमध्ये ‘बॉकहोर्न’. दिसायला ते अगदी साधे असते. एक वाकडे शिंग, त्याला तीन ते पाच भोके, बाकी काही नाही. पण या वाद्याचा आणि त्याच्या नावाचा अभ्यास केला, तर जीवशास्त्र, ध्वनिशास्त्र आणि भाषा हे तिन्ही विषय एका शिंगात सापडतात. शिवाय आपल्या शाळेत रोज वाजणाऱ्या बिगुलाचे नाव कुठून आले, हेही कळते.

नावाची फोड

‘बुक्केहोर्न’ या शब्दाचे दोन भाग आहेत. ‘बुक’ म्हणजे बोकड आणि ‘होर्न’ म्हणजे शिंग. स्वीडिश भाषेतला ‘बॉक’ म्हणजेही बोकडच. नॉर्वेजियन भाषेत शेळीसाठी ‘गाईट’ हा वेगळा शब्द आहे, म्हणून या नावाचे भाषांतर ‘शेळीचे शिंग’ असे करणे बरोबर नाही. नावात बोकड मुद्दाम आला आहे. शेळीलाही शिंगे असतात, पण बोकडाची शिंगे जास्त लांब आणि जाड असतात. वाद्यासाठी लांब नळी हवी, म्हणून वयाने मोठ्या बोकडाचे शिंग चांगले. म्हणजे कोणते शिंग घ्यायचे, हे नावातच सांगितले आहे.

‘बुक’ आणि आपला ‘बोकड’ हे शब्द ऐकायला सारखे वाटतात. पण केवळ उच्चार जुळला म्हणून दोन शब्दांचे नाते सिद्ध होत नाही. ‘होर्न’ची गोष्ट मात्र वेगळी आहे. नॉर्वेजियन ‘होर्न’, इंग्रजी ‘हॉर्न’, लॅटिन ‘कोर्नु’ आणि संस्कृत ‘शृंग’ हे शब्द एकाच प्राचीन मुळापासून आले आहेत, हे भाषाशास्त्राने दाखवून दिले आहे. ‘शृंग’पासून मराठीत ‘शिंग’ झाले. उच्चार दूर गेले तरी नाते कायम राहिले. या शब्दांचा दुसरा अर्थही जुळतो. संस्कृतात शृंग म्हणजे डोंगराचे शिखरसुद्धा. नॉर्वेतही अनेक सुळक्यांच्या नावात ‘होर्न’ आहे. रोम्सडाल खोऱ्यातले ‘रोम्सडाल्सहोर्न’ हे त्यांपैकी एक प्रसिद्ध शिखर.

प्रत्येक शिंगाचे वाद्य होत नाही

आपण मराठीत काळविटाचे शिंग म्हणतो आणि सांबराचेही शिंगच म्हणतो. जीवशास्त्रात मात्र या दोन वेगळ्या गोष्टी आहेत.

गाय, म्हैस, शेळी, मेंढी आणि काळवीट यांचे शिंग आतून हाडाचे आणि बाहेरून केराटिनच्या टोपणाचे असते. आपली नखे आणि केस ज्या पदार्थाचे बनतात, तेच हे केराटिन. हे शिंग दरवर्षी गळून पडत नाही, जनावराबरोबर वाढत राहते. मेलेल्या जनावराच्या शिंगातले हाड काढून टाकले की केराटिनचे पोकळ टोपण हातात येते.

चितळ आणि सांबर यांची शिंगे पूर्ण हाडाची असतात. ती दरवर्षी गळतात आणि नवी येतात. ती भरीव असल्यामुळे त्यांतून हवा जाऊ शकत नाही. म्हणून ज्या उत्तरेकडच्या देशांत हरणे भरपूर आहेत, तिथेही फुंकायचे वाद्य गाय-बोकडांच्या शिंगांचेच झाले.

वाद्य कसे बनते?

शिंग पाण्यात उकळले की आतले हाड सैल होते आणि ओढून काढता येते. या कामात घाण वास सुटतो, म्हणून ते घराबाहेर करणे बरे. नंतर शिंग खरवडून स्वच्छ करतात. शिंगाचे टोक भरीव असते. ते थोडे कापून, आतल्या पोकळीपर्यंत छिद्र पाडतात आणि तोंडाशी ओठ टेकतील असा खोलगट आकार देतात. शेवटी बोटांसाठी भोके पाडतात.

निसर्गात दोन शिंगे एकसारखी नसतात. लांबी, जाडी आणि बाक प्रत्येकाचा वेगळा. त्यामुळे दोन बुक्केहोर्नचे सूरही तंतोतंत जुळत नाहीत. कारखान्यात बनलेले दोन बिगुल एकत्र वाजवता येतात, पण बुक्केहोर्नच्या बाबतीत वादकाला आपल्याच शिंगाचा स्वभाव ओळखावा लागतो.

पाच सुरांचा बिगुल आणि भोकांचे शिंग

आपल्याकडे फुंकून वाजवायच्या वाद्यांना ‘सुषिर वाद्ये’ म्हणतात. बुक्केहोर्न आणि बिगुल दोन्ही सुषिर वाद्ये आहेत आणि दोन्हींत ओठांच्या कंपनातून आवाज निर्माण होतो. मग बिगुलाला भोके का नाहीत, आणि बुक्केहोर्नला ती का लागतात?

उत्तर नळीच्या लांबीत आहे. बिगुलाची वळवलेली नळी सरळ केली तर ती चार फुटांहून लांब भरेल. एवढ्या लांब नळीत ओठांचा ताण कमी-जास्त करून एकाच नळीतून वेगवेगळे नैसर्गिक स्वर काढता येतात. बिगुलाचे सर्व कॉल अशा पाच स्वरांतच बसवलेले आहेत. बोकडाचे शिंग मात्र साधारण फूटभर लांब. इतक्या आखूड नळीत पुढचे नैसर्गिक स्वर फार उंच जातात आणि ओठांनी ते काढणे कठीण होते. म्हणून बोटांनी भोके उघडून आणि झाकून स्वर बदलतात. भोक उघडले की आतला हवेचा स्तंभ आखूड होतो आणि स्वर चढतो. बासरीत घडते तेच इथेही घडते.

या वाद्याचा आणखी एक प्रकार आहे. त्यात शिंगाच्या तोंडाशी लाकडाची, बहुधा जुनिपरच्या लाकडाची, पातळ पट्टी बांधतात. ती क्लॅरिनेटच्या रीडसारखी थरथरते. नॉर्वेत या प्रकाराला ‘टुंगेहोर्न’ म्हणतात. ‘टुंगे’ म्हणजे जीभ, तेव्हा हे झाले ‘जिभेचे शिंग’. गंमत अशी, की शिंग तेच आणि बोकडही तोच, पण वाद्यांच्या शास्त्रीय वर्गीकरणात एक प्रकार तुतारीच्या कुळात जातो आणि दुसरा क्लॅरिनेटच्या. वाद्याचे कुळ ते कशापासून बनले यावर ठरत नाही, त्यात काय थरथरते यावर ठरते.

कुरणातले संकेत

आता मुख्य प्रश्न. हे वाद्य कोण वाजवत असे आणि कशासाठी?

उत्तरेकडे हिवाळा लांब आणि शेतजमीन थोडी. गावाजवळचे गवत हिवाळ्यासाठी कापून साठवावे लागे. म्हणून उन्हाळा आला की गुरे आणि शेळ्या-मेंढ्या दूर डोंगरावरच्या कुरणात नेत. या उन्हाळी वस्तीला नॉर्वेत ‘सेटर’ आणि स्वीडनमध्ये ‘फेबुद’ म्हणतात. तिथे दूध काढणे, लोणी आणि चीज करणे ही कामे मुख्यतः स्त्रिया करत. गुरे राखण्याचे काम अनेकदा आपल्या वयाच्या किंवा आपल्याहून लहान मुलामुलींवर असे.

अशी एखादी मुलगी जंगलाच्या कडेला गुरांसोबत एकटी आहे, अशी कल्पना करा. जंगलात अस्वल आणि लांडगे आहेत. सर्वांत जवळची वस्ती पलीकडच्या डोंगरावर आहे. हाक मारली तरी शब्द कळणार नाहीत, कारण अंतर वाढले की शब्द विरतात. शिंगाचा तीव्र सूर मात्र दरी ओलांडून जातो. त्या सुरावर तिची गुरे परत येत. त्याच आवाजाने हिंस्र प्राणी दूर ठेवता येत, आणि शेजारच्या कुरणातल्या राखणदाराला निरोपही देता येई. स्वीडनमधल्या स्त्रियांची ‘कुलनिंग’ नावाची उंच पट्टीतली हाकही याच कामासाठी जन्मली. लाकडाची, भूर्जाच्या सालीने गुंडाळलेली लांब तुतारीही अशीच वापरात होती. तिला नॉर्वेत ‘नेव्हरलूर’ म्हणतात.

संकेताची एक अट असते. वाजवणारा आणि ऐकणारा या दोघांना त्याचा एकच अर्थ माहीत असला पाहिजे. ‘गाय हरवली’ आणि ‘अस्वल आले’ यांत गोंधळ झाला, तर मदतीला येणारा माणूस रिकाम्या हातांनी येईल. म्हणून ठरलेली धून ठरल्याप्रमाणेच वाजवावी लागे. मोकळ्या वेळी त्याच शिंगावर मनासारखे सूर वाजवायला हरकत नव्हती. पण काम आणि करमणूक यांतला फरक वाजवणाऱ्याला ठाऊक असे. सैनिकी शाळेत हे वेगळे समजावून सांगण्याची गरज नाही. आपला बिगुलर कितीही चांगला वाजवणारा असला, तरी कॉलमध्ये स्वतःची भर घालत नाही.

नावाचा प्रवास

एखादी वस्तू लोकांच्या रोजच्या जगण्यात मुरली, की तिचे नाव दुसऱ्या वस्तूंनाही मिळते. बोकडाच्या शिंगाचे असेच झाले.

पहिले उदाहरण आपल्या स्वयंपाकघरातले आहे. डेन्मार्कमध्ये ‘बुक्केहोर्न’ म्हणजे चक्क मेथी! स्वीडिशमध्ये मेथीला ‘बॉकहोर्न्सक्लोवर’ म्हणतात, म्हणजे बोकडाच्या शिंगाचा क्लोवर. क्लोवर हे मेथीच्याच कुळातले, तीन-तीन पानांचे गवत. या नावाचे कारण मेथीच्या शेंगेत आहे. भाजीसाठी मेथी कोवळी असतानाच काढतात, त्यामुळे शेंग आपल्याला सहसा दिसत नाही. बियांसाठी शेतात ठेवलेल्या मेथीला लांब, निमुळती, किंचित वाकडी शेंग येते. ती शिंगासारखीच दिसते. प्राचीन ग्रीकांनीही मेथीला बैलाचे शिंग आणि बोकडाचे शिंग अशा अर्थाची नावे दिली होती. आपणही हेच केले आहे. पाण्यात वाढणाऱ्या शिंगाड्याचे नाव शृंगावरूनच पडले, कारण त्याच्या फळाला शिंगासारखी टोके असतात.

दुसरे उदाहरण धातूच्या वाद्यांचे. पूर्वी शिंगाची वाद्ये खरोखर शिंगाची होती. पुढे ती पितळेची आणि तांब्याची झाली, पण नाव बदलले नाही. इंग्रजीत ‘हॉर्न’ राहिले, मराठीत ‘शिंग’ राहिले. ‘रणशिंग फुंकले’ असे आपण म्हणतो, तेव्हा कोणाच्याही मनात जनावर येत नाही. मोटारीचा भोंगासुद्धा ‘हॉर्न’च झाला. महामार्गावरच्या ट्रकमागे ‘हॉर्न ओके प्लीज’ असे रंगवलेले असते. त्यातला हॉर्न आणि डोंगरावरचा बुक्केहोर्न ही एकाच शब्दाची दोन रूपे आहेत.

तिसरे उदाहरण खुद्द ‘बिगुल’. हा शब्द इंग्रजी ‘ब्यूगल’वरून आला. इंग्रजीत तो जुन्या फ्रेंचमधून आला आणि फ्रेंचमध्ये लॅटिन ‘बुकुलुस’ या शब्दावरून. बुकुलुस म्हणजे तरुण बैल, आपल्या भाषेत गोऱ्हा. आधी ‘ब्यूगल हॉर्न’ म्हणजे बैलाचे शिंग असे म्हणत. पुढे ‘हॉर्न’ गळून पडले आणि नुसते जनावराचे नाव उरले. नॉर्वेच्या बोकडाप्रमाणे आपल्या परेड ग्राउंडवरच्या पितळी वाद्यातही एक जनावर लपलेले आहे. नॉर्वेजियन माणसाला मात्र आपले जनावर नावात अजून स्पष्ट ऐकू येते. आपल्याला ते शोधून काढावे लागते.

आजची स्थिती

शेतीची पद्धत बदलली, लोक शहरांकडे गेले आणि विसाव्या शतकात बहुतेक उन्हाळी वस्त्या बंद पडल्या. त्यांच्याबरोबर शिंगाचे रोजचे कामही संपले. तरी वाद्य टिकले. नॉर्वेचे सॅक्सोफोनवादक कार्ल सेग्लेम यांनी ते जॅझ संगीतात आणले. ‘वार्ड्रुना’ या नॉर्वेजियन संगीतसमूहाच्या वादनातूनही ते जगभर ऐकले गेले. डिसेंबर २०२४ मध्ये युनेस्कोने नॉर्वे आणि स्वीडनमधल्या उन्हाळी वस्तीच्या परंपरेचा मानवजातीच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत समावेश केला.

पण एक गोष्ट लक्षात घ्यायला हवी. व्यासपीठावर वाजणारे बुक्केहोर्न सुंदर वाटते, त्याला टाळ्याही मिळतात. मात्र ते ऐकून कोणी गाय शोधायला धावत नाही. वाद्य काचेच्या कपाटात जपता येते, धून ध्वनिमुद्रित करता येते. त्या धुनेचा अर्थ मात्र ती ऐकून कामाला लागणारी माणसे असतील तोपर्यंतच जिवंत राहतो. या दृष्टीने आपण भाग्यवान आहोत. आपल्याकडे आजही एक वाद्य वाजते आणि ते ऐकून शेकडो मुले एका क्षणात उभी राहतात, धावतात किंवा स्तब्ध होतात.

स्वाध्याय

१. सांबराच्या शिंगापासून फुंकायचे वाद्य का बनवता येत नाही?
२. बिगुलाला भोके नसूनही त्यातून पाच स्वर कसे निघतात?
३. बुक्केहोर्न आणि टुंगेहोर्न यांची कुळे वेगळी का मानतात?
४. सुट्टीत घरी गेल्यावर चमचाभर मेथीदाणे कुंडीत पेरा आणि रोपे न खुडता शेंगा येईपर्यंत वाढू द्या. शेंगेचे चित्र काढा आणि डेन्मार्कच्या लोकांनी दिलेले नाव योग्य आहे का, ते ठरवा.
५. आपल्या शाळेतील बिगुलाच्या कॉलची यादी करा. प्रत्येक कॉल ऐकल्यावर काय करायचे, ते नव्या कॅडेटला कळेल अशा एकेका वाक्यात लिहा.