हेडसेट एक, खेळणारे चौघे: विकत घेतलेला खेळ घरात सगळ्यांना कसा मिळेल

शिरूर-दौंडकडच्या काही घरांत सुट्टीत आता एक नवी वस्तू दिसू लागली आहे, डोळ्यांवर बांधायचा व्हीआर हेडसेट. कोणाचा चुलता हिंजवडीत नोकरीला, कोणाची बहीण अमेरिकेत. येताना मुलांसाठी ते घेऊन येतात. हेडसेट एकच असतो आणि खेळणारी सख्खी-चुलत मिळून चार-पाच जणं. पहिले काही दिवस सगळे एकाच खात्यावर खेळतात. मग धाकट्याने थोरल्याची लेव्हल बिघडवली म्हणून रडारड होते आणि कोणीतरी शहाणपणाने प्रत्येकाचं वेगळं खातं उघडून देतं. तिथे खरी अडचण समोर येते. चांगले पैसे मोजून घेतलेला खेळ नव्या खात्यात दिसतच नाही, आणि स्टोअर पुन्हा पैसे मागतं.

ते पैसे भरू नका. एका खात्याने घेतलेला खेळ त्याच हेडसेटवरच्या बाकीच्या खात्यांना देण्याची सोय मेटाच्या क्वेस्ट हेडसेटवर फेब्रुवारी २०२१ पासून आहे आणि तिला वेगळा खर्च नाही. आपल्याकडे घरगुती वापरात जास्त करून क्वेस्टच दिसतो, म्हणून मी मुख्यतः त्याबद्दलच लिहितो आहे. ही सोय चालू करायला पाच मिनिटं पुरतात. मात्र ती वर्षानुवर्षं नीट चालावी असं वाटत असेल, तर एक गोष्ट अगदी पहिल्या दिवशी, हेडसेट डब्यातून काढतानाच ठरवावी लागते: खेळ कोणाच्या नावावर घ्यायचे?

नाव कोणाचं लावायचं

विकत घेतलेला खेळ हेडसेटच्या मालकीचा नसतो, तो खात्याच्या मालकीचा असतो. जमीन कसणारा कोणीही असो, सातबाऱ्यावर ज्याचं नाव त्याची ती जमीन, तसंच हे आहे. फरक इतकाच, की इथे नंतर फेरफार करून घेता येत नाही. एका खात्याने घेतलेला खेळ दुसऱ्या खात्याच्या नावावर करून मिळत नाही.

नव्या किंवा रिसेट केलेल्या हेडसेटवर जे खातं सर्वांत आधी लॉगिन होतं, ते त्या हेडसेटचं मुख्य खातं म्हणजे ॲडमिन होतं. त्याच्याखाली आणखी तीन खाती जोडता येतात. खेळांचं वाटप या मुख्य खात्याकडून बाकीच्यांकडे होतं, म्हणून खरेदीही मुख्य खात्यावरूनच करायची. घाईघाईत पुतण्याच्या खात्यावर घेतलेला खेळ सगळ्यांच्या वाट्याला येईल या भरवशावर राहू नका.

मुख्य खातं घरात कायम राहणाऱ्या मोठ्या माणसाचं असावं. आईचं असेल तर फारच चांगलं, कारण मुलं किती वेळ खेळतात यावर बहुतेक घरांत तिचंच लक्ष असतं. हेडसेट पाठवणाऱ्या अमेरिकेतल्या भावाचं खातं मुख्य ठेवू नये. त्याने प्रेमाने सगळं तयार करून, आपलं कार्ड जोडून दिलेलं असतं. इथे मुलाने एक बटण दाबलं, की तिकडे त्याच्या खात्यातून डॉलर जातात. शिवाय उद्या त्याने स्वतःसाठी नवा हेडसेट घेतला, पासवर्ड बदलला, की इथे गोंधळ सुरू. दहावीतल्या मुलाचंही खातं नको. तो उद्या पुण्याला हॉस्टेलवर जाईल आणि खेळांचा हक्क त्याच्यासोबत जाईल.

आता ईमेलबद्दल. हा भाग कंटाळवाणा वाटेल, पण जास्तीत जास्त लोक इथेच अडकतात. खेड्यापाड्यात बऱ्याच जणांचा ईमेल फोन घेताना मोबाईलच्या दुकानातच उघडून दिलेला असतो. पासवर्ड कोणाला आठवत नाही आणि ईमेलला जोडलेला नंबर तर केव्हाच बंद पडलेल्या सिमचा असतो. अशा ईमेलवर मेटाचं खातं काढलं आणि दोन वर्षांनी ते लॉक झालं, तर तोवर घेतलेले सगळे खेळ त्यातच अडकून राहतात. म्हणून आधी ईमेल दुरुस्त करा. सध्या चालू असलेला नंबर जोडा, पासवर्ड बदला आणि घरातल्या वहीत लिहून ठेवा. ऑगस्ट २०२२ पासून क्वेस्टला फेसबुकचं खातं सक्तीचं राहिलेलं नाही. नुसत्या ईमेलवर मेटा खातं निघतं, आणि मी तेच सुचवेन.

प्रत्यक्ष करायचं काय

मुख्य खात्याच्या मालकाच्या फोनवर मेटा होरायझन हे ॲप घ्या. जुन्या माहितीत ते ऑक्युलस किंवा मेटा क्वेस्ट या नावाने आढळेल; ॲप तेच आहे. फोनचं ब्लूटूथ चालू ठेवा, हेडसेटला वायफायला जोडा. घरात वायफाय नसेल तर दुसऱ्या फोनचा हॉटस्पॉट चालतो. मात्र एकेक खेळ कित्येक जीबीचा असतो आणि रोजच्या दीड-दोन जीबीच्या पॅकमध्ये तो उतरणार नाही. डाउनलोडचं काम फायबरची लाइन असलेल्या पाहुण्यांकडे उरकून आणलेलं बरं. लाइट जाणार असेल त्या वेळेला हात घालू नका. डाउनलोड तुटलं तर मुलांचा सगळा हिरमोड होतो.

मुख्य खात्याने लॉगिन झाल्यावर हेडसेटमधल्या सेटिंगमध्ये जा आणि 'अकाउंट्स' हा भाग शोधा. अपडेट आलं की मेनूमधल्या जागा सरकतात, त्यामुळे चित्र पाहून न शोधता नाव वाचून शोधा. तिथे दोन गोष्टी आहेत. एक, आणखी खातं जोडण्याची. दुसरी, ॲप्स शेअर करण्याचं बटण. आधी खातं जोडा. ज्याचं खातं जोडायचं ती व्यक्ती तिच्या फोनसह जवळ बसलेली हवी, कारण लॉगिनची खातरजमा तिच्या फोनवर किंवा ईमेलवर होते. दौंडला बसून शिरूरच्या पुतण्याला फोनवर "आलेला कोड सांग" म्हणत हे करू नका. कोड फोनवर सांगायची सवय मुलांना लागता कामा नये, आज हेडसेटसाठी सांगतील, उद्या बँकेसाठी सांगतील.

खातं जोडून झालं, की मुख्य खात्यात परत या आणि शेअरिंगचं बटण चालू करा. मग दुसऱ्या खात्यात जाऊन लायब्ररी उघडा. मुख्य खात्याचे खेळ तिथे दिसायला हवेत. दिसले नाहीत तर हेडसेट पूर्ण बंद करून पुन्हा चालू करा. झोपवून उठवणं पुरेसं नाही. तरीही एखादा खेळ येत नसेल तर शेअरिंगच्या बाहेर ठेवलेल्या थोड्या खेळांपैकी तो असू शकतो. ही सोय आली तेव्हा स्टोअरवर आधीपासून असलेल्या खेळांच्या निर्मात्यांना बाहेर राहण्याची मुभा दिली होती.

एवढं झाल्यावर प्रत्येकाचा स्कोअर, प्रत्येकाच्या लेव्हल, प्रत्येकाचे मित्र वेगळे राहतात. खातं हेडसेटवरून काढून टाकलं, तर त्या खात्याची तिथे साठवलेली प्रगतीही जाऊ शकते, म्हणून रागाच्या भरात कोणाचं खातं उडवू नका.

मुख्य खात्याला लॉक लावायला विसरू नका, आणि खरेदीला पिन ठेवा. स्टोअरमध्ये कार्ड जोडलेलं असेल तर पिनशिवाय ते मुलांच्या हातात देणं बरोबर नाही. कार्ड चालत नसेल तर बहुधा दोष कार्डाचा नसतो. रिझर्व्ह बँकेच्या २०२० मधल्या नियमामुळे नवीन कार्ड फक्त देशातल्या व्यवहारांसाठी चालू होऊन येतं. परदेशी आणि ऑनलाइन व्यवहार बँकेच्या ॲपमधून आपण स्वतः चालू करायचे असतात. खरेदीपुरते चालू करा, मर्यादा कमी ठेवा आणि काम झालं की बंद करा.

जे वाटलं जात नाही

मूळ खेळ वाटला जातो, खेळाच्या आत खर्च केलेले पैसे वाटले जात नाहीत. गोरिला टॅग हा मुलांमध्ये फार चालणारा खेळ मुळात फुकट आहे, त्यामुळे त्याला शेअरिंगची गरजच नाही. पण आतल्या टोप्या, कपडे घेण्यासाठी जे चलन विकत घ्यावं लागतं, ते घेणाऱ्या खात्यापुरतंच. बीट सेबरमध्ये गाण्यांचे संच वेगळे विकत मिळतात. अशी जोडखरेदी सगळ्यांच्या खात्यांत येईलच असं धरून चालू नका. एक छोटा संच घ्या, दुसऱ्या खात्यात उघडतो का ते बघा, मगच पुढे जा. दोन पोरांना एकाच सणाला सारखीच भेट द्यायची असेल, तर खेळाच्या आतलं काही देण्यापेक्षा नवा खेळ मुख्य खात्यावर घ्या. तो सगळ्यांना मिळतो.

हे वाटप त्या एका हेडसेटपुरतंच असतं, हेही ध्यानात ठेवा. समजा, थोरला भाऊ शिरूरला रांजणगाव एमआयडीसीत कामाला आहे आणि धाकटा दौंडला. दोघांकडे एकेक हेडसेट आहे. दौंडच्या पुतणीचं खातं शिरूरच्या हेडसेटवर जोडलं, तर तिथे ती काकांचे सगळे खेळ खेळेल. पण दौंडला येऊन स्वतःच्या हेडसेटवर तेच खातं उघडलं, तर काकांचे खेळ तिथे नसतील. हेडसेट मात्र न्हावरा, पारगावचा पूल, चौफुला असा गाडीतून दौंडला आणला, तर त्यावरचे खेळ, खाती सगळं जसंच्या तसं सोबत येतं. म्हणून दोन घरांनी मिळून खेळ घ्यायचे असतील, तर हेडसेटही एकच घ्यावा आणि तो आलटून-पालटून फिरवावा, असं माझं स्पष्ट मत आहे. त्यासाठी एकमेकांना पासवर्ड देणं टाळा. पासवर्डसोबत कार्ड, मेसेज, मुलांची सगळी माहिती जाते, आणि नात्यातला वाद नको तिथे सुरू होतो.

जुना हेडसेट घेताना

पुण्यात वापरलेले हेडसेट स्वस्तात मिळतात, आणि विकणारा हमखास सांगतो, "यात पन्नास खेळ भरलेले आहेत." यावर भुलू नका. ते खेळ विकणाऱ्याच्या खात्यावर असतात किंवा चोरीच्या प्रती असतात. पहिल्या प्रकारात त्याने पासवर्ड बदलला की तुमचा हेडसेट रिकामा. त्याहून वाईट म्हणजे मुख्य खातं त्याचं असल्यामुळे तुमच्या घरातली सगळी खाती त्याच्याखाली राहतात.

पैसे देण्याआधी त्याच्यासमोर हेडसेट फॅक्टरी रिसेट करा. हेडसेट बंद करून पॉवरचं आणि आवाज कमी करण्याचं बटण एकदम दाबून धरलं, की एक साधा मेनू येतो. आवाजाच्या बटणाने फॅक्टरी रिसेटवर जा, पॉवरच्या बटणाने निवडा. मग तिथेच, हॉटस्पॉटवर, आपल्या ठरलेल्या मुख्य खात्याने लॉगिन करा. ते व्यवस्थित झालं तरच पैसे द्या. घरात चुकीचं खातं मुख्य होऊन बसलं असेल तरी उपाय हाच आहे, कारण रिसेट केल्याशिवाय मुख्य खातं बदलता येत नाही. आधी घेतलेले खेळ ज्याच्या खात्यावर घेतले त्याच्याकडे शाबूत राहतात, पुन्हा डाउनलोड करावे लागतात इतकंच.

शाळांसाठी एक वेगळी सूचना. वाबळेवाडीच्या जिल्हा परिषद शाळेने शिरूर तालुक्याला टॅबवर शिकणारी मुलं दाखवली, त्यामुळे इथल्या एखाद्या शाळेला देणगीत हेडसेट मिळाला तर नवल नाही. तो गुरुजींच्या वैयक्तिक खात्यावर चालवू नका. बदली झाली की खातं गुरुजींसोबत जातं. शाळेच्या नावाचा ईमेल काढा आणि विकत घेतलेल्या गोष्टींची नोंद साहित्याच्या रजिस्टरला करा. जत्रेत पैसे घेऊन खेळ दाखवणाऱ्यांसाठी तर घरगुती खात्याचं शेअरिंग नाहीच. ती परवानगी फक्त वैयक्तिक वापराची आहे.

मुलांच्या बाबतीत

दहा वर्षांखालच्या मुलांसाठी हा हेडसेट नाही, कंपनीच तसं सांगते. दहा ते बारा वर्षांच्या मुलांचं खातं पालकांनी स्वतःच्या खात्यातून काढायचं असतं. तेरापासून पुढे मूल स्वतःचं खातं काढू शकतं आणि पालक देखरेख जोडू शकतात. वय खोटं लिहून मोठ्यांचं खातं काढून देऊ नका. खरं वय लिहिलं तरच वाटलेल्या खेळांतले मोठ्यांचे खेळ मुलांपासून दूर ठेवता येतात. मुख्य खात्यावर बंदुकीचा एखादा खेळ असेल, तर शेअरिंग चालू करण्याआधी याचा विचार करा.

घोडनदीच्या काठच्या उसाच्या पट्ट्यात बिबट्याच्या भीतीने दिवस मावळला की मुलांना अंगणातही सोडत नाहीत. अशा घरांत संध्याकाळी घाम निघेल असा खेळ घरात असणं ही मोठी गोष्ट आहे, आणि म्हणूनच मला या सोयीचं मोल वाटतं. त्यासाठी दोन मीटर लांब, दोन मीटर रुंद मोकळी जागा करा. वर पंखा सुरू असेल तर हात कुठवर जातो ते आधी बघा. दिवसा हेडसेट खिडकीत किंवा ओट्यावर काचा वर करून ठेवू नका. दौंडच्या उन्हाळ्यात तर मुळीच नाही. भिंगातून गेलेलं ऊन काही मिनिटांत आतला पडदा जाळतं, आणि तो डाग कायमचा राहतो. काचा फक्त कोरड्या मऊ कापडाने पुसा, स्पिरिट लावू नका. कोणाचे डोळे आले असतील, तर त्याची पाळी पुढच्या आठवड्यात.

ज्यांचा हेडसेट गेमिंगच्या कॉम्प्युटरला जोडलेला आहे, त्यांनी स्टीम या खेळांच्या ऑनलाइन स्टोअरकडे जरूर बघावं. स्टीम फॅमिलीज ही सोय सप्टेंबर २०२४ मध्ये सगळ्यांसाठी खुली झाली. एका घरातली सहा जणं एकमेकांची लायब्ररी वापरू शकतात, इथे प्रत्येकाची खरेदी सगळ्यांच्या वाट्याला येते. एकाच वेळी दोघं वेगवेगळे खेळ खेळू शकतात. एकाच खेळाची एकच प्रत असेल तर मात्र एका वेळी एकच जण. किमती रुपयांत असतात आणि यूपीआयने पैसे भरता येतात. सदस्य निवडताना घाई नको, कारण कुटुंबातून बाहेर पडलेल्या मोठ्या माणसाला, आधीच्या कुटुंबात आल्यापासून एक वर्ष होईपर्यंत, दुसऱ्या कुटुंबात जाता येत नाही. प्लेस्टेशन ५ वर 'कन्सोल शेअरिंग' चालू केलं, की त्या एका कन्सोलवरच्या सगळ्या खात्यांना खेळ मिळतात.

क्वेस्टवर घेतलेला खेळ मुलांना मळमळवत असेल किंवा शेअर होतच नसेल, तर तो परत करता येतो. त्यासाठी खरेदीला चौदा दिवस झालेले नसावेत आणि खेळलेला वेळ दोन तासांच्या आत असावा. म्हणून नवा खेळ घेतला की त्याच दिवशी सगळ्यांच्या खात्यांतून थोडा थोडा उघडून बघा.