मांजराच्या पिल्लाचे खाद्य केव्हा बदलावे?

प्रश्न : आमचे पिल्लू आठ महिन्यांचे झाले असून दूधभात व पिल्लांचे तयार खाद्य खाते. आता मोठ्या मांजराचे खाद्य सुरू करावे काय?
— एक वाचक, बिरसा (जि. बालाघाट)

उत्तर : तूर्त नको. अंगापिंडाने ते पुरते मोठे भासले, तरी त्याच्या अस्थी व स्नायू यांची वाढ सुमारे वर्षभर चालू राहते. सबब प्रथिने व स्निग्धांश अधिक असलेले पिल्लांचे खाद्यच तोवर कायम ठेवावे.

माझी खरी चिंता दूधभाताची आहे. आपल्याकडे तो रिवाज पिढीजात असला, तरी मांजर हा मूलतः मांसाहारी जीव. मांस-मासळीतून मिळणारे टॉरिन नामक द्रव्य त्याचे शरीर पुरेसे निर्माण करू शकत नाही, आणि त्याच्या अभावी नेत्रपटल क्षीण होते, इतकेच नव्हे तर हृदयही दुबळे होते, हे कॅलिफोर्निया विद्यापीठातील संशोधकांनी १९८७ साली दाखवून दिले. दूधही वाढत्या वयात अनेक मांजरांना पचत नाही. घरचे द्यावयाचे तर काटे काढलेली उकडलेली मासळी किंवा कोंबडीचे मांस, कांदा-लसूण न घालता, केवळ जोडीला द्यावे.

वर्ष भरल्यावर जुन्या खाद्यात नवे प्रथम चतुर्थांश, मग निम्मे, असे वाढवीत सात ते दहा दिवसांत पालट करावा. नसबंदी झाली असल्यास भूक वाढते, म्हणून मोजूनच वाढावे. नव्या खाद्याकडे त्याने दिवसभर पाठ फिरवली, तर जुनेच पुन्हा द्यावे. उपासाने मांजराच्या यकृतास अपाय होतो, तेव्हा तेही न खाल्ल्यास पशुवैद्यकास विनाविलंब दाखवावे.