कंटेनर आदळला की बाबा दचकतात

प्रश्न : बाबा १९९९च्या कारगिल युद्धात होते. आता न्हावा शेव्याला कंटेनर यार्डात सुरक्षारक्षक आहेत. कंटेनर आदळला की दचकतात, रात्री झोप नाही. युद्धाचा विषय काढला की उठून जातात. काय करावे?
– एक वाचक, उरण

उत्तर : हा भित्रेपणा नव्हे. युद्धाच्या आघाताचा त्रास वर्षानुवर्षे राहू शकतो. उपचारांनी तो कमी होतो. ‘किती शत्रू मारले?’ असे विचारू नका. पलटणीतल्या सोबत्यांविषयी विचारा, जमल्यास त्यांची भेट घडवा. घरी न सांगितलेले तिथे बोलता येते. शक्यतो रात्रपाळी टाळा. माजी सैनिकांच्या आरोग्य योजनेचे (ईसीएचएस) कार्ड असल्यास तिच्या पॉलिक्लिनिकमधून मनोविकारतज्ज्ञांसाठी चिठ्ठी घ्या. १४४१६ ही ‘टेलिमानस’ची मानसिक आरोग्यासाठीची मोफत दूरध्वनी सेवा चोवीस तास आहे. जगणे नकोसे झाल्याचे बोलले, तर त्याच दिवशी डॉक्टर गाठा.