ब्रह्मकमळ : घरातील निवडुंगाचा परिचय व जोपासना

पावसाळ्यातील एखाद्या रात्री शेजारच्या घरी ब्रह्मकमळ उमलणार असल्याची वार्ता येते आणि लहानथोर मंडळी ते पाहण्यास जमतात. आठ-नऊच्या सुमारास कळीचे टोक सुटू लागते; मध्यरात्रीपर्यंत वीतभराहून लांब, शुभ्र व सुगंधी फूल पूर्ण उमलते; आणि पहाटे पाहावे तो ते मान टाकून लोंबत असते. ‘पानातून फूल कसे आले?’ हा प्रश्न त्या वेळी कोणीतरी विचारतोच. त्याचे उत्तर समजून घेतले, तर हे झाड कसे जोपासावे हेही आपोआप समजते.

एक नाव, दोन वनस्पती

आपल्या घरांतील या वनस्पतीचे शास्त्रीय नाव एपिफायलम ऑक्सिपेटॅलम असे आहे. ती निवडुंगाच्या कुलातील असून तिचे मूलस्थान मेक्सिकोचा दक्षिण भाग व मध्य अमेरिका हे होय. केरळात तिला निशागंधी म्हणतात. खरे ब्रह्मकमळ मात्र निराळे. सॉस्युरिया ऑबव्हॅलाटा ही ती वनस्पती सूर्यफुलाच्या कुलातील असून हिमालयात सुमारे ३,७०० मीटरांहून अधिक उंचीवर वाढते. तिचे जांभळट फुलोरे फिकट, कागदासारख्या पातळ छदांनी वेढलेले असतात. ती उत्तराखंडाचे राज्यपुष्प आहे. तिची फुले देवतेला वाहण्यासाठी तोडली जातात. पण बी धरण्यापूर्वी तोडलेले फूल पुढची पिढी निर्माण करू शकत नाही. म्हणून या दोन वनस्पतींतील भेद ओळखणे हा केवळ नावाचा वाद नव्हे. घरातल्या झाडाचे फूल सहज वाढविता येते. हिमालयातील झाडाचे रक्षण त्याच्या स्थानीच करावे लागते.

पान नव्हे, खोड

ज्याला आपण पान म्हणतो, तो वस्तुतः चपटे झालेले हिरवे खोड होय. पानांचे अन्ननिर्मितीचे कार्य तेच करते. त्याच्या कडेला ठरावीक अंतरावर खाचा असतात. निवडुंगाच्या काट्यांचा उगम ज्या बिंदूंतून होतो, तेच बिंदू या खाचांत असतात आणि कळ्या व नव्या फांद्या तेथूनच फुटतात. तेव्हा फूल पानातून येत नसून, इतर झाडांप्रमाणे खोडावरच येते.

निवडुंग म्हटले की वाळवंट आठवते. परंतु हा निवडुंग अरण्यवासी आहे. तो मोठ्या वृक्षांच्या फांद्यांवर, बेचक्यांत साचलेल्या पालापाचोळ्यात मुळे रोवून राहतो. तो वृक्षाचा रस शोषीत नाही. केवळ आधार घेतो. अशा वनस्पतींस अपिवनस्पती म्हणतात. त्या ठिकाणी ऊन पानांतून गाळून येते, पाऊस पुष्कळ पडतो, पण पाणी क्षणभरही साचत नाही. जोपासनेचे सर्व नियम या एका वस्तुस्थितीतून निघतात.

लागवड

निरोगी, पक्व खोडाचा १५ ते २० सेंटिमीटर लांबीचा तुकडा धारदार सुरीने कापावा. तो लगेच लावू नये. आठवडाभर सावलीत ठेवून कापलेली बाजू सुकू द्यावी. ओली जखम मातीत गेल्यास तेथून कूज शिरते. नंतर तुकड्याची खालची बाजू खालीच ठेवून तो तीन-चार सेंटिमीटर खोल लावावा आणि काठीचा आधार द्यावा. बागेची माती, पालापाचोळ्याचे कुजलेले खत व जाड वाळू समभाग घ्यावी. त्यात नारळाच्या सोडणाचे व कोळशाचे लहान तुकडे मिसळावेत. कुंडीच्या तळाशी छिद्र व त्यावर खापऱ्या अवश्य असाव्यात. फार मोठी कुंडी घेऊ नये. तिच्यातील माती लवकर सुकत नाही.

ऊन, पाणी व खत

सकाळचे कोवळे ऊन या झाडास मानवते. दुपारच्या प्रखर उन्हात खोड पिवळे पडून करपते. अगदी अंधाऱ्या कोपऱ्यात ते बारीक व लांबट होते आणि कळ्या धरीत नाही. वरची दोन सेंटिमीटर माती सुकली म्हणजे पाणी घालावे. थंडीत पाणी कमी करावे, पण वाळवंटी निवडुंगाप्रमाणे महिनोगणती कोरडे ठेवू नये. उत्तर भारतातील कडाक्याच्या थंडीत कुंडी घरात घ्यावी. नत्राचे प्रमाण अधिक असलेल्या खताने खोडे माजतात, फुले येत नाहीत. म्हणून वाढीच्या दिवसांत थोडे शेणखत व हाडांचा चुरा पुरे होतो. पहिल्या फुलासाठी सामान्यतः दोन-तीन वर्षे वाट पाहावी लागते.

कळ्या दिसू लागल्यावर कुंडीची जागा बदलू नये व माती पूर्ण सुकू देऊ नये. तसे झाल्यास कळ्या गळतात. खाचांत कापसासारखा पांढरा थर दिसल्यास ती पिठ्या ढेकणाची कीड समजावी आणि ओल्या फडक्याने पुसून काढावी. बुंधा कुजला तर झाड गेले असे मानू नये. वरचा निरोगी भाग कापून, सुकवून पुन्हा लावावा.

लाल, गुलाबी वा पिवळी फुले देणारे ‘ऑर्किड कॅक्टस’ बहुधा संकरित असतात. त्यांची फुले दिवसाही उमललेली राहतात. ऑर्किडशी त्यांचे कुलाचे नाते नाही.

विद्यार्थ्यांसाठी निरीक्षण

कळी दिसल्याच्या दिवसापासून तिची लांबी रोज मोजून वहीत लिहावी. फुलण्याच्या रात्री दर अर्ध्या तासाने पाकळ्यांची स्थिती व सुगंधाची तीव्रता नोंदवावी. पांढरा रंग, लांब नळी व रात्रीचा सुगंध या तिन्ही गोष्टी रात्री उडणाऱ्या, लांब सोंडेच्या पतंगांना बोलावण्यासाठी आहेत, हे ध्यानात घ्यावे. आपल्याकडे एका झाडाचे तुकडे घरोघर वाटले जात असल्याने फळ क्वचितच धरते. म्हणूनच शेजाऱ्याने प्रेमाने दिलेला एक तुकडा हेच या वनस्पतीच्या प्रसाराचे आपल्याकडील मुख्य साधन होय.