घरकर्जाचा हप्ता आणि घराची खरी किंमत

घर घेतलेल्या माणसाला ‘कितीला पडले?’ असे विचारले तर तो बिल्डरचा भाव सांगतो. ‘आणि कर्ज कितीला पडले?’ असे विचारले तर तो हप्ता सांगतो. कर्जाची पूर्ण किंमत सांगणारा माणूस आम्हाला क्वचितच भेटला आहे.

आमच्या कापडाच्या धंद्यात असे उत्तर चालत नाही. ग्रे कापडाच्या मीटरमागे पंचवीस पैशांसाठी आपण दलालाशी अर्धा तास घासाघीस करतो. रोखीला वटाव किती, उधारी किती दिवसांची, गाठ कोणाच्या भाड्याने येणार, हे सारे ठरल्याशिवाय माल उचलत नाही. तोच व्यापारी वीस वर्षांच्या कर्जाच्या कागदांवर सही करताना एकच प्रश्न विचारतो, ‘महिन्याला किती बसेल?’ आणि समोरचा अधिकारीही हसतमुखाने तेवढेच सांगतो, कारण त्याला तेवढेच सांगायचे असते.

व्याज घ्यावे की द्यावे, नाइलाजाची मर्यादा कोठे संपते, हा प्रश्न उलेमांचा आहे आणि ज्याने त्याने तो त्यांनाच विचारावा. तो निर्णय घेण्याचा अधिकार आम्हाला नाही. परंतु आपल्यातले अनेकजण हे कर्ज काढत आहेत. कोणाचा मुलगा नोकरीला लागला आहे, कोणाचे भाड्याचे घर पुनर्विकासात गेले आहे, कोणी मागाच्या शेडवरच राहायला दोन खोल्या चढवत आहे. जे कर्ज काढत आहेत त्यांना ते किती रुपयांना पडते हे कळले पाहिजे. जे काढणार नाहीत त्यांनाही ते कळलेले बरे.

एक साधे उदाहरण घेऊ. कर्ज २५ लाख रुपये, दर ९ टक्के, मुदत २० वर्षे. मासिक हप्ता २२,४९३ रुपये बसतो. असे २४० हप्ते भरले की एकूण भरणा सुमारे ५३ लाख ९८ हजार होतो. म्हणजे मुद्दल २५ लाख आणि व्याज जवळजवळ २९ लाख. घर एक घेतले आणि पैसे दोन घरांहून अधिक दिले. हा आकडा ऐकून पुष्कळांना बँकेने फसवले असे वाटते. तसे काही नाही. व्याज बाकी मुद्दलावरच लागते, हिशेब बरोबर असतो. तो कसा चालतो हे मात्र आपण पाहिलेले नसते.

पहिल्या महिन्याचे व्याज काढा. २५ लाखांवर वर्षाला ९ टक्के म्हणजे महिन्याला पाऊण टक्का, म्हणजे १८,७५० रुपये. हप्ता २२,४९३ रुपयांचा. व्याज वजा केल्यावर मुद्दलात जमा झाले ३,७४३ रुपये. दुसऱ्या महिन्यात व्याज तेवढ्या ३,७४३ रुपयांवरचे कमी लागते, म्हणजे २८ रुपये कमी. हप्ता दर महिन्याला सारखाच दिसतो, पण आत व्याज हळूहळू उतरते आणि मुद्दल हळूहळू चढते. आणि हे ‘हळूहळू’ फार हळू असते. पहिल्या वर्षात भरलेल्या पावणेतीन लाखांच्या आसपासच्या रकमेतून कर्ज कमी होते जेमतेम ४७ हजारांनी. पाच वर्षांत साडेतेरा लाख भरून झाले तरी बाकी उरते २२ लाख १८ हजार. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, भरलेले असतात २७ लाख आणि देणे उरते पावणेअठरा लाख. हप्त्यातला मुद्दलाचा भाग व्याजापेक्षा मोठा होतो तो तेराव्या वर्षात. निम्मे कर्ज फिटायला १४ वर्षे लागतात.

म्हणूनच सात-आठ वर्षांनी घर विकायला निघालेला माणूस बँकेत बाकी विचारायला जातो आणि डोक्याला हात लावून परत येतो.

आता खरा मुद्दा. सारी घासाघीस दरावर होते. शेजारची बँक साडेआठ टक्क्यांनी देते म्हणून माणसे फायली घेऊन फिरतात. फिरावेच, अर्धा टक्का सोडू नये. याच कर्जावर वीस वर्षांत तो १ लाख ९१ हजार रुपये वाचवतो. पण दर तोच ९ टक्के ठेवून मुदत २० ऐवजी १५ वर्षे केली तर? हप्ता होतो २५,३५७ रुपये, म्हणजे महिन्याला २,८६४ रुपये जास्त. आणि एकूण व्याजात बचत होते ८ लाख ३४ हजारांची. १० वर्षांत फेडणाऱ्याला हप्ता ३१,६६९ रुपये पडतो, पण व्याज १३ लाखांवर थांबते. उलट मुदत ३० वर्षांची केली तर हप्ता २०,११६ रुपयांवर येतो. महिन्याला २,३७७ रुपयांची सवलत मिळाली म्हणून घरात मिठाई वाटली जाते, आणि त्या सवलतीची किंमत असते १८ लाख ४३ हजार रुपये. एकूण व्याज जाते ४७ लाखांच्या पुढे. ‘छोटा हप्ता’ हा बाजारातला सगळ्यांत महाग माल आहे.

यावर कोणी म्हणेल, वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाएवढा कोठे राहणार? शिवाय भाडे वाचते, घराची किंमत वाढते. हे म्हणणे खोटे नाही. आज जड वाटणारा हप्ता पंधरा वर्षांनी हलका वाटतो, हे जुन्या कर्जदारांना विचारावे. परंतु महागाई वाढली म्हणून आपली मिळकत त्याच प्रमाणात वाढेल अशी हमी पगारदाराला थोडीफार असते, मागावाल्याला आणि दुकानदाराला नसते. मंदीत माग बंद राहतात, हप्ता बंद राहत नाही. आयकरातल्या सवलतीचेही असेच. राहत्या घराच्या व्याजावर वर्षाला २ लाखांपर्यंतची वजावट जुन्या करपद्धतीत मिळते, नव्या पद्धतीत नाही. आपण कोणत्या पद्धतीत आहोत हे आपल्या कर सल्लागाराला विचारूनच तो फायदा हिशेबात धरावा.

आतापर्यंतचे सारे आकडे दर वीस वर्षे स्थिर राहील असे धरून काढले. प्रत्यक्षात बहुतेक घरकर्जे बदलत्या दराची असतात. ऑक्टोबर २०१९ पासून व्यापारी बँकांना अशी नवी कर्जे रेपो दरासारख्या बाहेरच्या दराशी जोडावी लागतात. गृहवित्त कंपन्यांना ते बंधन नाही, त्यांचा स्वतःचा मूळ दर असतो. रेपो दर मे २०२० पासून ४ टक्के होता. मे २०२२ पासून तो वाढू लागला आणि फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा टक्क्यांवर गेला. अडीच टक्क्यांची ही वाढ कर्जदाराच्या घरात कशी शिरली ते पाहण्यासारखे आहे.

समजा २०२१ च्या सुरुवातीला कोणी २५ लाख ७ टक्के दराने वीस वर्षांसाठी घेतले. हप्ता १९,३८२ रुपये. दोन वर्षांनी बाकी सुमारे २३ लाख ७७ हजार, आणि दर झाला साडेनऊ. आता नुसते महिन्याचे व्याजच १८,८१६ रुपये झाले. हप्ता तोच ठेवला तर मुद्दलात जमा होणार ५६६ रुपये. उरलेली १८ वर्षे ताणून ३७ वर्षांवर जातात! कर्जदाराला मात्र काहीच कळत नाही, कारण खात्यातून जाणारी रक्कम तीच असते. वेळेवर मुदत संपवायची तर हप्ता २३,००५ रुपये करायला हवा होता. बँका एवढी लांब मुदत सहसा ठेवत नाहीत, वयाची मर्यादा आड येते, मग एक दिवस अचानक हप्ता वाढल्याचा निरोप येतो. त्या काळात अनेक घरांत हेच झाले.

या प्रकाराबद्दल रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये आदेश काढला. दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडे थोडे, हे निवडण्याची संधी कर्जदाराला दिली पाहिजे. दर तीन महिन्यांनी आतापर्यंत किती मुद्दल आणि किती व्याज वसूल झाले, किती हप्ते उरले, याचा उतारा उपलब्ध करून दिला पाहिजे. आपल्यापैकी किती जणांनी तो उतारा उघडून पाहिला आहे? दुकानाचा रोजमेळ आपण रोज पाहतो. हा उतारा वर्षातून चारदा पाहायला काय हरकत आहे! ‘उरलेले हप्ते’ एवढा एकच आकडा मागच्या उताऱ्याशी ताडून पाहावा. तीन महिन्यांत तो तीनने कमी झालेला नसेल तर दुसऱ्याच दिवशी शाखेत जावे.

फेब्रुवारी २०२५ पासून दर उतरू लागले आणि डिसेंबर २०२५ मध्ये रेपो सव्वापाच टक्के झाला. दर उतरला की हप्ता कमी करून घेण्याचा मोह होतो. ज्यांची मुदत २०२३ मध्ये लांबली आहे त्यांनी तरी हप्ता आहे तोच ठेवून मुदत मागे आणावी. गृहवित्त कंपनीचे कर्ज असेल तर आपला दर खरोखर उतरला का, हे स्वतः जाऊन विचारावे.

मुदतीच्या आधी पैसे भरण्याबद्दल आपल्याकडे एक जुना गैरसमज आहे की त्यावर दंड लागतो. बदलत्या दराच्या वैयक्तिक घरकर्जावर बँकांनी असा दंड घेणे २०१२ पासून बंद आहे. धंद्याच्या कर्जांबाबतही नवे नियम आले आहेत. १ जानेवारी २०२६ पासून मंजूर झालेल्या किंवा नूतनीकरण झालेल्या बदलत्या दराच्या कर्जांवर व्यापारी बँका व्यक्तींकडून आणि सूक्ष्म व लघु उद्योगांकडून हा आकार घेऊ शकत नाहीत. छोट्या वित्त बँका आणि काही सहकारी बँकांसाठी ही सूट ५० लाखांपर्यंतच्या कर्जाला आहे, म्हणून आपल्या बँकेत विचारून घ्यावे.

आणि पैसे लवकर भरण्यात किती फरक पडतो? आपल्या पहिल्या उदाहरणातल्या कर्जात पहिल्या वर्षाच्या अखेरीस १ लाख रुपये जादा भरले तर शेवटचे २२ हप्ते नाहीसे होतात आणि व्याजाचे सुमारे ४ लाख वाचतात. तेच १ लाख पंधराव्या वर्षाच्या अखेरीस भरले तर वाचतात फक्त ५३ हजार. दर वर्षाअखेर एक हप्ता जादा भरणाऱ्याचे कर्ज साडेसोळा वर्षांत फिटते आणि पावणेसहा लाख वाचतात. भरताना ‘हप्ता तोच ठेवा, मुदत कमी करा’ असे लेखी द्यावे, नाहीतर भलताच अर्थ लावला जातो.

मात्र व्यापाऱ्याने एक सावधगिरी बाळगावी. सणासुदीत गल्ला भरला म्हणून खेळते भांडवल उचलून घरकर्जात घालू नये. सूत वाढले की तोच पैसा दुकानाला लागतो, आणि घरकर्जात गेलेला पैसा परत मागता येत नाही. मग सावकाराकडे किंवा खासगी वित्त कंपनीकडे दुप्पट दराने हात पसरावे लागतात. चार-सहा महिन्यांच्या हप्त्यांएवढी रक्कम बाजूला ठेवून वर जे उरेल तेच भरावे.

काही खर्च हप्त्यात दिसत नाहीत. प्रक्रिया शुल्क, तारणाच्या कागदावरचा मुद्रांक, वकिलाची आणि मूल्यांकनाची फी. यात सगळ्यांत लपलेला खर्च म्हणजे कर्जाबरोबर गळ्यात घातलेला विमा. ६० हजारांचा एकरकमी हप्ता ‘कर्जातच मिळवून टाकू’ असे सांगतात. ९ टक्क्यांनी वीस वर्षांत तो १ लाख २९ हजारांना पडतो. विमा असू नये असे नाही. कमावता माणूस गेल्यावर कुटुंबावर हप्त्याचे ओझे येऊ नये हे खरेच आहे. पण तो वेगळा, दर विचारून घ्यावा. १ ऑक्टोबर २०२४ पासून मंजूर होणाऱ्या किरकोळ व छोट्या उद्योगांच्या मुदत कर्जांबरोबर मुख्य माहितीचा तक्ता देणे सक्तीचे आहे. त्यात सर्व आकार धरून वर्षाचा खरा दर किती पडतो हे असते, सोबत परतफेडीचा महिनावार तक्ताही असतो, आणि तो कर्जदाराला समजेल अशा भाषेत द्यायचा असतो. सहीच्या आधी तो मागून घ्या, घरी आणा, शिकलेल्या मुलामुलीला समोर बसवून वाचा.

हा खरा दर पाहण्याची सवय मागासाठी किंवा टेंपोसाठी कर्ज घेणाऱ्या कारागिरांनाही लावून घ्यावी लागेल. तेथे ‘फक्त ९ टक्के फ्लॅट’ असे सांगतात. १ लाखावर पाच वर्षे ९ टक्के, म्हणजे ४५ हजार व्याज, महिन्याला २,४१७ रुपये. मुद्दल दर महिन्याला कमी होत असते, व्याज मात्र शेवटपर्यंत पूर्ण लाखावर धरलेले असते. घरकर्जाच्या पद्धतीने मोजले तर हा दर पावणेसोळा टक्क्यांच्या जवळ जातो.

व्याज टाळावे म्हणून बिल्डरकडे ‘बिनव्याजी’ हप्त्याने घर घेणारे बांधव आपल्यात पुष्कळ आहेत. व्याजमुक्त बँकिंगचा प्रस्ताव पुढे न नेण्याचा निर्णय रिझर्व्ह बँकेने घेतल्याचे २०१७ मध्ये जाहीर झाले, तेव्हा हा मार्ग अनेकांना जवळचा वाटला. त्यांनी एवढेच करावे, आधी रोखीचा भाव विचारावा आणि मग हप्त्याचा. उधारीचा भाव चढा असतो हे आपल्याला कोणी शिकवायला नको. तो किती चढा आहे हे कळले म्हणजे सौदा करता येतो. शिवाय नोंदणीकृत करार आणि महारेराची नोंद पाहिल्याशिवाय पैसे देऊ नयेत. बँक आपल्या पैशासाठी जे कागद तपासते ते येथे आपल्यालाच तपासायचे असतात.

शेवटचा हप्ता भरल्यावर काम संपले असे समजून पुष्कळजण घरी बसतात. घराचे मूळ कागद पूर्ण परतफेडीनंतर ३० दिवसांत परत मिळाले पाहिजेत आणि नोंदवलेला बोजाही उतरवला पाहिजे. १ डिसेंबर २०२३ पासून लागू असलेल्या नियमाप्रमाणे बँकेच्या चुकीने उशीर झाला तर दर दिवसाला ५,००० रुपये भरपाई द्यावी लागते. कागद घेताना कर्जाच्या वेळी दिलेल्या यादीशी एकेक पान ताडून घ्या, कर्ज फिटल्याचा दाखला घ्या, आणि सातबारा किंवा मिळकत पत्रिकेवर बोजा चढवलेला असेल तर तो कमी झालेला नवा उतारा काढून त्याच फायलीत लावून ठेवा.