घरात अडकलेला चित्रकार

मित्रांनो, रस्त्यावरची भिंत हाच ज्याचा कागद, त्याला घरातच बसावे लागले तर तो काय करील? ऐका तर.

इंग्लंडमध्ये बँक्सी या टोपणनावाचा एक चित्रकार आहे. आपले खरे नाव त्याने स्वतः जाहीर केलेले नाही. परवानगी न घेता दुसऱ्याची भिंत रंगवणे तिथे गुन्हा आहे, म्हणून तो काम झटपट उरकतो. पुठ्ठ्यात चित्र आधीच कोरून ठेवायचे, पुठ्ठा भिंतीला लावायचा, वरून रंग फवारायचा. पुठ्ठा काढला की चित्र तयार! याला स्टेन्सिल म्हणतात. धान्याच्या पोत्यावर कोरलेल्या पत्र्यातून नाव उमटवतात ना, तीच ही रीत. बँक्सीची उंदरांची चित्रे फार गाजली आहेत.

२०२० साली करोनाची साथ आली. २३ मार्चला तिकडे टाळेबंदी जाहीर झाली. मग एप्रिलमध्ये बँक्सीने न्हाणीघरातच नऊ उंदीर रंगवले! एक दिव्याच्या दोरीला लोंबकळतो. एक कागदाच्या गुंडाळीवर पळतो. एकाने टूथपेस्टच्या नळीवर पाय दिला, तर पेस्ट भिंतभर उडाली! आणखी एक उंदीर भिंतीवर रेघा मारून कोंडलेले दिवस मोजतो. तो आपल्याला आरशात दिसतो. घरून काम केलेले बायकोला आवडत नाही, असे गमतीने लिहून त्याने फोटो जगाला दाखवले.

आता नीट पाहा बरं का. दोरी खरी, आरसा खरा, फक्त उंदीर रंगवलेले. रस्त्यावरही तो भिंतीजवळच्या वस्तू अशाच चित्रात घेतो. जागा बदलली, पण नजर तीच राहिली.

मे महिन्यात त्याचे एक चित्र साउदॅम्प्टनच्या रुग्णालयात लागले. त्यात एक मुलगा बॅटमॅनची बाहुली टोपलीत टाकून परिचारिकेच्या बाहुलीशी खेळतो. मार्च २०२१ मध्ये त्या चित्राला लिलावात १ कोटी ६७ लाख पौंडांहून जास्त किंमत आली. लिलावाचा पैसा आरोग्यसेवेच्या मदतीसाठी दिला गेला. घरात बसूनही माणूस दुसऱ्याच्या उपयोगी पडतो तो असा.

करून पाहा : जुन्या वहीच्या पुठ्ठ्यात मोठ्यांच्या मदतीने पिंपळपान कोरा. पुठ्ठा कोऱ्या कागदावर ठेवा. दात घासायचा जुना ब्रश रंगात बुडवून बोटाने रंग उडवा. पुठ्ठा अलगद उचला. पालकांनी घाबरू नये, घराची भिंत रंगवायची नाही!