काळाच्या किल्लीने पाऊस

ठाकूरद्वारच्या नाक्यावरून चिंब भिजून वर्गात आलेल्या एका विद्यार्थ्याने गेल्या पावसाळ्यात प्रश्न केला, “सर, काळ मागेपुढे करणारे यंत्र असते, तर शाळेच्या वेळचा पाऊस मध्यरात्रीवर ढकलता आला नसता काय?” वर्ग हसला, परंतु प्रश्न हसण्यावारी नेण्याजोगा नव्हता. जयद्रथवधाच्या दिवशी सूर्य झाकला गेल्याची कथा आपण ऐकतो. पवित्र शास्त्रातही, यहोशवाच्या प्रार्थनेने सूर्य स्थिर राहिला व त्याच लढाईत शत्रूवर गारांचा वर्षाव झाला, असे वर्णन आहे. काळ व आकाश आपल्या मुठीत असावे, ही इच्छा फार जुनी आहे. तेव्हा या यंत्राचा क्रमाने विचार करू.

प्रथम काळ. तो सर्वत्र एकाच गतीने वाहतो, ही समजूत आइन्स्टाइन यांनी १९०५ साली दूर केली. पुढे १९७१ साली हाफेले व कीटिंग यांनी आण्विक घड्याळे विमानांतून पृथ्वीभोवती फिरवून आणली. पूर्वेकडे नेलेली घड्याळे भूमीवरील घड्याळांच्या मागे पडली व पश्चिमेकडे नेलेली पुढे गेली. परंतु हा फरक सेकंदाच्या एक कोटी भागांपैकी तीन भागांहूनही कमी होता! तेवढ्या अवधीत पावसाचा थेंब केसाच्या जाडीइतकाही खाली येत नाही. शिवाय येथे घड्याळाची गती बदलते, गेलेला क्षण परत येत नाही.

आता हवामान. समजा, आपली किल्ली फिरली व कालची सकाळ पुन्हा उजाडली. सर्व काही तंतोतंत तसेच असेल, तर पाऊसही तोच पडणार. तो टळावा म्हणून तिळाएवढा फेरबदल केला, तर काय होईल? १९६१ साली अमेरिकेत एडवर्ड लोरेन्झ गणकयंत्रावर हवामानाचे गणित करीत होते. एक गणित मधूनच पुन्हा चालविताना त्यांनी ०.५०६१२७ या आकड्याऐवजी ०.५०६ एवढाच घातला. आरंभी दोन्ही उत्तरे जुळली. पुढे मात्र ती इतकी दुरावली की त्यांचा परस्परांशी संबंधच उरला नाही. सारांश, पाऊस येथून हलविता आला तरी तो कोठे कोसळेल, हे हलविणाऱ्यास सांगता येणार नाही.

आणि सांगता आले तर? २६ जुलै २००५ रोजी चोवीस तासांत सांताक्रूझ येथे ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. त्याच अवधीत कुलाब्यास केवळ ७३ मिलिमीटर. उपनगरांत हाहाकार उडाला व शेकडो माणसे प्राणास मुकली. आपले ठाकूरद्वार कुलाब्याच्या बाजूचे. तो मेघ दक्षिणेस लोटण्याची किल्ली कोणा सांताक्रूझवासीयाच्या हाती असती, तर त्याने ती फिरवावी काय? आणि ती आपल्या हाती असती, तर तो मेघ आपण आपल्या छपरावर ओढून घेतला असता काय? या प्रश्नाचे उत्तर कोणत्याही यंत्रात सापडणार नाही. युद्धासाठी हवामानात व्यापक व विघातक फेरफार करू नयेत, असा करार संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेने १९७६ साली मंजूर केला, तो अशाच भयापोटी.

मग मनुष्याच्या हाती काय आहे? महाराष्ट्रात २००३ साली विमानांतून मेघांत रसायने सोडून पाऊस पाडण्याचे प्रयोग झाले. परंतु जेथे मेघच नाही, तेथे ही युक्ती चालत नाही. काळाशी खरी स्पर्धा करणारे यंत्र निराळेच आहे. इंग्रज गणिती रिचर्डसन यांनी सहा तासांच्या हवामानाचे गणित हाताने केले, त्याचा वृत्तांत १९२२ साली प्रसिद्ध झाला. त्यास कित्येक आठवडे लागले, आणि उत्तरही चुकले! तेथे काळ जिंकला. आज पुण्यास पाषाण येथील भारतीय उष्णदेशीय हवामानविज्ञान संस्थेत महासंगणक आहेत. २०१८ साली तेथे ‘प्रत्यूष’ आला व २०२४ साली ‘अर्क’. येणाऱ्या दिवसांचे हवामान ते दिवस उजाडण्यापूर्वीच तेथे गणिताने घडवून पाहतात. आरंभीचे आकडे किंचित बदलून तेच गणित अनेकवार करतात, म्हणजे लोरेन्झ यांनी दाखविलेल्या अनिश्चिततेचाही अंदाज येतो. हे यंत्र काळाला मागे रेटीत नाही. त्याच्यापुढे धावून आपणांस सावध करते.

परंतु मिळालेला इशारा ऐकणे, नौका किनाऱ्यास ठेवणे, गटारात कचरा न टाकणे, सखल भागातील शेजाऱ्यास वेळीच घरात घेणे, ही कामे कोणताही महासंगणक करीत नाही. ती किल्ली आपल्याच हाती आहे.

विद्यार्थ्यांनी पुढील पावसाळ्यात एक प्रयोग करावा. सरळ उभ्या बाजूंचे, सपाट तळाचे भांडे गच्चीवर मोकळ्या जागी ठेवून रोज सकाळी साडेआठ वाजता पाण्याची उंची मिलिमीटरांत मोजावी, भांडे रिते करावे, व कुलाबा आणि सांताक्रूझ येथील आकड्यांशी ती ताडून पाहावी. एकाच शहरावर एकच आकाश सारखे बरसत नाही, हे त्या वहीवरून कळेल. आणि आपल्या अंगणात ऊन पडले असता दुसऱ्याचे घर पाण्यात असू शकते, याचीही आठवण राहील.